विगिलचं उसनं नाव

१२ सप्टेंबर १९४८, रविवार

वरच्या खोलीतला पाहुणा अजून तिथेच! ब्रेनरची खिंड ओलांडून येणारे एरवी एक रात्र टेकतात, सूप पितात आणि सकाळी खाली मेरानच्या मठाकडे चालू लागतात. तिथून जिनोव्हा, मग बोट, मग अर्जेंटिना की काय ते. ह्याचा आज तिसरा दिवस. उंच, चाळिशीचा, नखं स्वच्छ. पाय मात्र फोडांनी भरलेले. मिठाच्या पाण्यात बुडवले तर हूं नाही की चूं नाही.

नाव विचारलं नाही. फादर कासिआनच्या घराचा रिवाजच आहे तो. "दार ठोठावणाऱ्याला भूक विचारायची, नाव नाही," असं ते म्हणतात. ह्या घरात स्वयंपाक माझा, तेव्हा मला ते पटतंच. आणि लपवाछपवीची आम्हाला काय नवलाई! इटलीवाल्यांनी आमच्या जर्मन भाषेच्या शाळा बंद केल्या तेव्हा मी गवताच्या माळ्यावर पोरांना अक्षरं शिकवायची. खाली गाय, वर शाळा. मी स्वतः पंचांगावरून चोरून शिकलेले, पोरांनाही चोरूनच शिकवलं. वीस वर्षं आम्ही लपवूनच पुण्य कमावलं.

मध यंदा भरपूर. देवा, सुखात ठेवलंयस.

१४ सप्टेंबर

पाहुण्याने न सांगता लाकडं फोडली. सगळी एका मापाची, रचलीही अशी की भिंत वाटावी. फादर पाहून म्हणाले, "ही जाळायची की पूजायची?"

१९ सप्टेंबर, रविवार

जेवणं झाल्यावर फादर म्हणाले, "बुर्गल, बस जरा." फादर बस म्हणाले की समजावं, काहीतरी उभं राहणार!

चर्चचं जुनं बाप्तिस्म्याचं पुस्तक काढून ठेवलं होतं. १९०९ चं पान. ते पान मला डोळे मिटूनही दिसतं. विगिल राफाइनर, जन्म २६ जून, आई वालबुर्गा, म्हणजे मी, बाप यॉर्ग, गवंडी.

"पुढची ओळ कोरी आहे," फादर म्हणाले. "ह्या पुस्तकात तुझा मुलगा अजून जिवंत आहे."

मला ठाऊक होतं. घटसर्प झाला म्हणून त्याला इन्सब्रुकला नेला, तिथल्या इस्पितळात गेला, तिथेच पुरला. मग यॉर्ग लढाईत गेला, मग सरहद्द आली, इन्सब्रुक पलीकडे ऑस्ट्रियात राहिलं आणि आम्ही अलीकडे, इटलीत. मरणाचा कागद इकडे आलाच नाही. आणि मी सांगितलं नाही. कुणी विचारलंही नाही. दर सव्वीस जूनला मी मनात म्हणते, यंदा अमुक वर्षांचा झाला. यंदा एकोणचाळीस! वेडेपणाच, पण कुणाचं काय जातं?

फादर म्हणाले, वरच्या माणसाकडे कागद नाहीत. उत्तरेत त्याला परत जाता येत नाही, पूर्वेत रशियन बसलेत. आमच्या खोऱ्यातली माणसं सध्या ना धड इटलीची ना धड जर्मनीची, म्हणून इथल्या नावावर परदेशी जायचा कागद मिळतो. "एक नाव पडून आहे, बुर्गल. एक माणूस बुडतोय."

मी म्हटलं, विचार करून सांगते.

२० सप्टेंबर

विचार कसला! रात्रभर एकच दिसत होतं, माझा विगिल समुद्र बघतोय. मी तर मेरानच्या पलीकडे पाणी पाहिलं नाही.

सकाळी हो म्हटलं.

मेनाला सांगावंच लागलं. सुईण तीच होती, आणि कचेरीत साक्षीला तीच हवी. एकाहत्तर वर्षांची आहे, जीभ विशीतली. म्हणते, "अगं बाई! चाळिशीचा मुलगा! वेणा आल्या का गं? नाळ कुणी कापली, फादरनी?" हसून हसून दोघींच्या डोळ्यांत पाणी. मग ती म्हणाली, "बुर्गल, तो माझ्या हातात रडला होता. चांगला मोठ्यानं. आठवतं मला."

३ ऑक्टोबर, रविवार

बाप्तिस्मा झाला. फादरांचा हट्ट. नाव घ्यायचं तर पाणीही घ्यायला हवं! तो उत्तरेकडचा, दुसऱ्या पंथाचा. चर्चचं दार लावून घेतलं. फादर, मी, मेना आणि तो. धर्ममाता मीच. म्हणजे आई पण मी आणि धर्ममाता पण मी. एका पोरावर दोन हक्क!

डोक्यावर पाणी पडलं तेव्हा तो थरथरला. फादर म्हणाले, आता मागचं सगळं धुऊन निघालं. त्याने वर पाहिलं आणि विचारलं, "सगळं?"

"सगळं."

बाहेर आल्यावर पहिल्यांदा मला आई म्हणाला. मी घरी येऊन कांदा चिरला.

६ ऑक्टोबर

गावच्या कचेरीत सह्या. हा माझा मुलगा, असं मी लिहून दिलं. मेनाने, ह्याला मी जन्मताना पाहिलं. ओळखपत्र मिळालं. गावाला सगळं माहीत आहे. गाव बोलत नाही. इटलीवाल्यांसमोर आमचं गाव म्हणजे एक तोंड, तेही मिटलेलं.

१० ऑक्टोबर

त्याला माझा मुलगा व्हायला शिकवतेय. पाव कापण्याआधी त्याच्या पाठीवर सुरीने तीन क्रूस ओढायचे. उंबऱ्यातल्या तीर्थात बोट बुडवायचं. सूपमधला पावाचा गोळा सुरीने कापायचा नाही, चमच्याने तोडायचा, नाहीतर करणारीचा अपमान! लगेच शिकतो. एकदा सांगितलं की बास.

पत्त्यांत मात्र फसला. आमच्या खेळात भिडूला डोळा मारून पान सांगायची मुभा असते, तीच तर मजा! मेना डोळे मारमारून दमली, हा ढिम्म. शेवटी म्हणतो, "ही फसवणूक आहे."

मेना म्हणाली, "ऐका हो! उसन्या नावाचा माणूस, आणि डोळा मारायला लाजतो!"

मी टेबलाखालून तिला लाथ घातली. पण हसू आवरेना.

१७ ऑक्टोबर

नवी वाइन, भाजलेले चेस्टनट. पोलिसांचा मार्शल लोप्रेस्ती मधासाठी आला. वसंतात बदलून आलाय, सिसिलीचा, इथल्या थंडीला रोज नवी शिवी शोधतो. आमची भाषा मोडकी बोलतो, पण बोलतो तरी! विगिलला पाहून म्हणाला, "बाई, मुलगा आहे? मला नाही माहीत!"

"वरच्या कुरणावर असतो. माणूसघाणा आहे."

"चांगलं! माझी आई पण सांगते, माझा मुलगा डोंगरात जनावरांबरोबर राहतो." आणि स्वतःच खो-खो हसला. बरा माणूस.

खोटं बोलले. जीभ अडखळली नाही. शेकोटीपाशी माझा मुलगा बसला होता, चेस्टनट सोलून माझ्या वाटीत टाकत होता. ह्याहून आणखी काय हवं असतं बाईमाणसाला!

१ नोव्हेंबर

सर्व संतांचा दिवस. आज धर्ममाता मुलग्याला घोड्याच्या आकाराचा पाव देते, मुलीला कोंबडीच्या. तीस वर्षं दुसऱ्यांच्या पोरांसाठी भाजले. आज पहिल्यांदा माझ्यासाठी, म्हणजे माझ्या— म्हणजे त्याच्यासाठी. मनुक्याचे डोळे लावले. त्याने आधी मान मोडून खाल्ली. मोठा माणूस! लाजला पण.

९ नोव्हेंबर

पहिलं बर्फ. मधमाश्यांच्या पोळ्यांना गवत गुंडाळलं. विगिलने फळ्या मारून दिल्या. मांजर त्याच्या मांडीवर जात नाही. मांजरी अशाच.

१५ नोव्हेंबर, सोमवार

लिहू की नको. लिहिते.

आज वेदीची वस्त्रं धुतली. पहिलं पाणी रिवाजाप्रमाणे गटारात जाऊ दिलं नाही, नाशपातीच्या बुंध्याशी मातीत ओतलं. दुपारी वाळली तेव्हा घड्या घालायला विगिलला हाक मारली. दोन टोकं त्याच्याकडे, दोन माझ्याकडे. काय घडी! कोपऱ्यावर कोपरा, रेघ मारल्यासारखी.

मी म्हटलं, "कुठे शिकलास रे? आमच्या मुलींना जमत नाही!"

"शिकलो नाही, आई. शिकवायला लागायचं. दीड-दोनशे माणसं एकदम, भेदरलेली, कपडे कुठेही फेकायची. मग मी पद्धत लावून दिली. कोट खाली, शर्ट वर, बूट नाड्यांनी जोडीला बांधायचे. नाहीतर मागाहून जोड्या लागत नाहीत."

मला वाटलं, आंघोळीचं सांगतोय. सैन्यात असेल तशी.

"मागाहून आपापले सापडायचे नाहीत त्यांना?"

त्याने कोपरे जुळवले. "त्यांना परत लागायचे नाहीत ना."

"अरे, मग थंडी नाही का वाजायची?" असं विचारलं मी! असं!

"फार वेळ नाही. खड्डा जवळच असायचा."

पोलंडमधलं कुठलंसं गाव. यहुदी लोक. गाव रिकामं करायचा हुकूम होता. "मी गोळ्या घालणाऱ्यांत नव्हतो, आई. मी फक्त व्यवस्था पाहायचो."

बायका? सगळे.

लेकरं?

"लेकरांना नाडीची गाठ सोडवता येत नाही. त्यात वेळ जायचा. आयांना सांगायचो, आधी त्यांची सोडवा."

मग माझ्याकडे पाहिलं आणि म्हणाला, "ते गेलं आता. फादरांनीच सांगितलं ना, सगळं." पुढची चादर उचलली, दोन टोकं माझ्याकडे धरली.

मी ती पकडली. हाताला सवय.

१६ नोव्हेंबर

काही नाही. गाठी. दिवसभर स्वतःच्या बुटांच्या गाठी.

१७ नोव्हेंबर

फादरांना विचारलं, तुम्हाला माहीत होतं?

"मी विचारलं नाही."

"का नाही?"

 मग म्हणाले, "कारण मग उत्तर मिळालं असतं." म्हातारा रडायला आला. वाईट माणूस नाही तो. माझ्यासारखाच, दार उघडणारा. मग सावरून म्हणाले, "बाप्तिस्म्याने पाप धुतलं जातं, बुर्गल. ह्यावर आपला विश्वास आहे की नाही?"

"आहे. पण धुणं मी करते, फादर. डाग निघाला तरी पाणी काळं होतं. ते पाणी तुम्ही माझ्या लेकरावर ओतलंत."



२२ नोव्हेंबर

गेला. खालून बस पकडली. दारात माझ्या गालाला ओठ लावले, म्हणाला, "पत्र लिहीन, आई." मी पाव बांधून दिला. हाताने दिला. मी नव्हते त्यात.

त्याच्या खोलीत चादर घडी घातलेली. मी उलगडून चुरगळली, मग परत धुतली.

२८ नोव्हेंबर

मेनाला सांगितलं. तिने आधी शिवी दिली, मग क्रूस केला. मग म्हणाली, "आपलेच दात, आपलेच ओठ, बुर्गल. बोललीस तर तो एकटा नाही अडकत. फादर आत, तू आत, मी आत. तुरुंगात मी कुणाची बाळंतपणं करू?"

"आणि नाही बोलले तर?"

"तर बोट जाईल. समुद्र मोठा आहे. विसरशील."

खरंय तिचं. मी गप्पच राहणार. गप्प राहण्यात आमचं आयुष्य गेलं.

बाकी बरं चाललंय. मधाच्या सतरा बरण्या. गुडघा गप्प आहे.

५ डिसेंबर, रविवार

जिनोव्हाहून पत्र. अक्षर मोत्यांसारखं. एका मठात उतरलाय, जेवण बरं पण सूप तुझ्यासारखं नाही. बोट अठराला. तिकडे मोठाली कुरणं आहेत म्हणे. लग्न करीन, म्हणतो. "मुलगा झाला तर त्याचंही नाव विगिलच ठेवीन. म्हणजे तुझं घराणं चालेल, आई."

चांगल्या मनाने लिहिलंय. तेच तर!

८ डिसेंबर

मार्शल आला. दोन बरण्या नेल्या. "मुलगा दिसत नाही, बाई?"

"जिनोव्हाला गेलाय. बोटीने परदेशी जाणार आहे."

"असं!" टोपी काढून बसला. म्हणाला, आमच्या गावातून पण सगळे जातात, आई दारात उभी राहते, मग खुर्ची आणते, मग म्हातारी होते. मला वाईट वाटू नये म्हणून एक गाणंही म्हणून दाखवलं. भसाडा आवाज! मी त्याला तिसरी बरणी दिली.

१२ डिसेंबर, रविवार

फादरांच्या हातात नवा कागद. जिनोव्हाच्या कचेरीत कुणीतरी त्याच्या उंचीकडे, चालण्याकडे पाहून शंका काढली. आता आईचं शपथपत्र हवं: माझा मुलगा विगिल १९३९ पासून ४५ पर्यंत घरीच होता, गुरं राखत होता, सैन्यात कधी गेला नाही.

"एक सही, बुर्गल. शेवटची. गुरुवारी माणूस खाली जाणार आहे, त्याच्याबरोबर पाठवतो."

"आणि नाही केली तर?"

"मेना करेल. नाहीतर मी करीन. आता तो थांबायचा नाही." आवाज दमलेला. "निदान तू कर. तुझी खरी वाटेल."

गुरुवारपर्यंत सांगते म्हटलं.

म्हणजे असं. ती लेकरं गाठी सोडवत होती त्या दिवशी माझा विगिल कुरणावर होता, असं मी शपथेवर सांगायचं. एकोणीस महिन्यांचं पोर माझं. त्याला अजून नीट चालता येत नव्हतं. त्याला मी त्या खड्ड्यापुढे आडोसा म्हणून उभं करायचं!

सही न करणं पुरेसं नाही. नाव तर मी आधीच दिलंय. ते परत घ्यायचं तर काय करावं लागेल, हे मला ठाऊक आहे. लिहिणार नाही. सदतीस वर्षं लिहिलं नाही, आता काय.

१४ डिसेंबर

ख्रिसमसचा नाशपातीचा पाव भाजला. सुका मेवा, दालचिनी, घरभर वास. मेना येऊन कडा खाऊन गेली. म्हणाली, "काय ठरवलंस?"

"ठरवलंय."

"सही?"

"सही."

तिने सुटकेचा श्वास टाकला. मी तिच्या पिशवीत अर्धा पाव घातला. बिचारी. तिला कुणी आत टाकू नये, एवढं मार्शलला सांगेन. फादरांनाही टाकू नये. म्हाताऱ्यांना थंडी सोसत नाही. माझं काय, मी लोकरीचे मोजे काढून ठेवलेत.

झोप छान लागतेय. आश्चर्य.

१६ डिसेंबर, गुरुवार

मार्शलच्या टेबलापुढे उभी राहिले आणि सांगितलं. विगिल राफाइनर, माझा एकुलता एक मुलगा, ३ फेब्रुवारी १९११ ला इन्सब्रुकच्या इस्पितळात वारला. लिहून घ्या. आजपर्यंत सांगायचं राहिलं.

त्याने लिहिलं. मी सही केली. त्याने टाक खाली ठेवला.

"बाई, मग जिनोव्हात कोण आहे?"

"ते तुम्ही त्याला विचारा. बोट परवा आहे."